चर्चा: इन्स्टाग्रामवर घडलेलं परफॉर्मन्स जपायचं म्हणजे नेमकं काय जपायचं?

कोरा_पडदा:
आमालिया उल्मान या कलाकाराने २०१४च्या एप्रिल ते सप्टेंबरमध्ये स्वतःच्या इन्स्टाग्राम खात्यावर एक बनावट आयुष्य जगून दाखवलं. आधी गोंडस मुलगी, मग श्रीमंतांच्या पैशावर जगणारी, शेवटी योग आणि पथ्यपाण्यात रमलेली. छातीची शस्त्रक्रियाही खोटी. नाव ‘एक्सलन्सेस अँड परफेक्शन्स’. त्याच वर्षी रायझोम या डिजिटल कलेच्या संस्थेने खात्याची वेब-नोंद करून ठेवली. माझ्या मते ती नोंद म्हणजे कलाकृती नव्हे. २०१६ पर्यंत फीड, म्हणजे अनुयायाला दिसणारी सगळ्यांच्या पोस्टची रांग, काळानुक्रमे चालायचं. मैत्रिणीचं जेवण, कुणाची मांजर आणि मधेच हिचं छातीवरचं बँडेज. सगळं काम त्या ‘मधेच’वर उभं होतं. खात्याच्या पानावरच्या ग्रिडवर तर सर्वांत नवी पोस्ट वर, म्हणजे शेवट आधीच दिसतो!

धूळपाटी:
साफ असहमत. नोंद नको तर काय, भिंतीवर प्रिंट लावायचे? तेव्हा इन्स्टाग्राम ६४० बाय ६४० पिक्सेलचा चौकोन ठेवायचं. छपाईत ३०० डीपीआयला, म्हणजे इंचाला ३०० ठिपके धरून, तो जेमतेम साडेपाच सेंटिमीटर भरतो. मीटरभर ताणला तर एकेक पिक्सेल दीड मिलिमीटरचा. शिवाय कमेंट्स गेल्या, आणि या कामात अर्धा अभिनय कमेंट करणाऱ्यांचा आहे.
वेब-नोंद म्हणजे स्क्रीनशॉट नाही. ब्राउझरने मागितलेलं आणि सर्व्हरने दिलेलं सगळं वॉर्क (WARC) या वेब-नोंदीच्या फाइलमध्ये उतरतं, त्यामुळे नंतरही फोटोवर क्लिक करून तो उघडता येतो.

तिसरी_घंटा:
उतरतं, पण मागितलं तेवढंच. खाली सरकल्याशिवाय पुढचे फोटो येत नाहीत, ‘आणखी कमेंट्स’ दाबल्याशिवाय जुन्या कमेंट्स येत नाहीत. एक फोटो उघडायचा राहिला, तर पुढे तिथे रिकामी चौकट. म्हणून यादी करून प्रत्येक पोस्ट हाताने उघडावी, आणि लगेच ती नोंद दुसऱ्या मशीनवर इंटरनेट बंद ठेवून चालवून बघावी. इंटरनेट चालू असलं तर राहिलेले फोटो मूळ साइटवरून गुपचूप येतात आणि नोंद पूर्ण आहे असं वाटतं.
लॉगिन करावं लागलं तर नवं, रिकामं खातं वापरा; कुकीज, म्हणजे ब्राउझरने जपलेल्या लॉगिनच्या खुणा, फाइलमध्ये जातात. ‘३ आठवड्यांपूर्वी’ हा मजकूर बऱ्याचदा बघणाऱ्याच्या घड्याळावरून ठरतो, तेव्हा पुन्हा दाखवताना घड्याळ नोंदीच्या दिवसावर गोठवावं लागतं.

कोरा_पडदा:
म्हणजे काय दाबायचं हे नोंद करणारा ठरवतो. ते संपादनच झालं. आणि ज्यांनी खरं मानून काळजीने लिहिलं, त्यांची नावं आता कायमची प्रदर्शनात. त्यांना कुणी विचारलं?
मी म्हणतो, एक फोन ठेवा आणि मूळ तारखांमधलं अंतर राखून एकेक पोस्ट येऊ द्या. पाच महिने चालेल, चालू दे.

धूळपाटी:
नावांचा मुद्दा मान्य. सार्वजनिक दालनात ती झाकावीत, मूळ फाइलला हात न लावता, दाखवतानाच्या थरात. पण फोनवर फक्त तिच्याच पोस्टी आल्या, तर तुमचं ‘मधेच’ कुठून आणणार? शेजारच्या मांजरी आणि जेवणं प्रत्येक अनुयायाच्या फीडमध्ये वेगळी होती, ती या नोंदीत नाहीत. आज ती रचून घातली तर ते नवं काम होईल, आणि ते उल्मानचं नसेल.

कोरा_पडदा:
रचू नका. मधली जागा रिकामी ठेवा.

तिसरी_घंटा:
मग फोनचा पडदा आपोआप बंद होण्याची सेटिंग काढायला विसरू नका, आणि चार्जरची वायर पक्की बांधा.