‘झ्यूने’ : प्रायश्चित्त, शासन की सूड?

प्रश्न : दुसऱ्या महायुद्धातला जर्मन फील्डमार्शल वाल्टर फॉन रायशेनाउ याच्या कारकिर्दीवर मराठीत लिहिते आहे. त्याच्या सहाव्या आर्मीने सप्टेंबर १९४१ मध्ये कीव्ह घेतलं. १० ऑक्टोबरला त्याने सैनिकांसाठी एक हुकूम काढला. त्यात ज्यूंना हीन मानव ठरवून, त्यांच्याबाबतीतल्या ‘कठोर पण न्याय्य झ्यूने’ची गरज सैनिकाला पूर्णपणे पटली पाहिजे, असं म्हटलं आहे. झ्यूने हा मूळ जर्मन शब्द. कोशात त्याचा अर्थ प्रायश्चित्त, परिमार्जन असा मिळतो. पण इथे ‘प्रायश्चित्त’ लिहायला हात धजत नाही. ‘सूड’ चालेल का?

उत्तर : ‘सूड’ नको. सूड घेणारा निदान राग कबूल करतो. रायशेनाउ काहीच कबूल करत नाही, तो खुनाला न्यायनिवाड्याचं रूप देतो. हुकमाच्या दोनच आठवडे आधी, २९ आणि ३० सप्टेंबरला, कीव्हच्या बाबी यार घळीत ३३,७७१ ज्यूंना गोळ्या घातल्या गेल्या. हा आकडा मारणाऱ्या एसएस (नाझींची सशस्त्र संघटना) पथकाच्याच अहवालातला आहे. सोव्हिएत सैन्याने पेरलेल्या सुरुंगांचे शहरात स्फोट झाले होते, त्याचा दोष ज्यूंवर टाकला गेला. ‘झ्यूने’ या शब्दामागे ही सबब उभी आहे.

दुसरं मत : मला ‘शासन’, म्हणजे शिक्षा, हा शब्द बरा वाटतो. आपल्याकडे प्रायश्चित्त घ्यायचं असतं ते पाप करणाऱ्याने. नारायणराव पेशव्यांच्या खुनानंतर रामशास्त्र्यांनी राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगितलं, असं आपण ऐकत आलो. तिथे अपराध होता. इथे तो शब्द वापरला तर मेलेल्यांचंच काही पाप होतं, असा वाचकाचा समज होईल.

उत्तर : तसा समज व्हावा, हाच तर हुकमाचा हेतू होता! ‘शासन’ लिहिलंत तर वाक्य नेहमीच्या लष्करी शिस्तीतलं वाटेल आणि त्यातलं विष निघून जाईल. मी ‘प्रायश्चित्त’च लिहीन, अवतरणचिन्हांत, आणि लगेच पुढच्या वाक्यात युक्रेनमधल्या बिला त्सेर्कवा या गावची हकीकत देईन. ऑगस्ट १९४१ मध्ये तिथे आईबाप मारले गेलेली सुमारे ९० ज्यू मुलं एका घरात अन्नपाण्यावाचून कोंडली होती. हेल्मुट ग्रोसकुर्ट या जर्मन लेफ्टनंट कर्नलने त्यांची हत्या थांबवायचा प्रयत्न केला, प्रकरण रायशेनाउपर्यंत नेलं. सुरू झालेलं काम पुरं करा, असा निर्णय रायशेनाउने दिला. मुलं मारली गेली. त्यात तान्ही बाळंही होती. या मुलांनी कशाचं प्रायश्चित्त घ्यायचं होतं, हे मग वाचकाला वेगळं सांगावं लागणार नाही.

प्रश्नकर्ती : पटलं. ‘प्रायश्चित्त’ ठेवते. पुढे मानस्टाइन या दुसऱ्या जर्मन सेनापतीच्या हुकमातही हाच शब्द आला आहे.

उत्तर : हो, आणि तिथेही मराठी शब्द बदलू नका. हिटलरला रायशेनाउचा हुकूम इतका पसंत पडला की तो इतर सेनाधिकाऱ्यांकडे पाठवण्यात आला. २० नोव्हेंबरचा मानस्टाइनचा हुकूम बराचसा त्याच्याच धर्तीवर आहे. रायशेनाउ जानेवारी १९४२ मध्ये मेला, त्याला जाब कोणीच विचारला नाही. मानस्टाइनसमोर मात्र १९४६ साली न्यूरेंबर्गच्या युद्धगुन्ह्यांच्या खटल्यात त्याच्या हुकमाचा कागद ठेवला गेला, तेव्हा आपल्याला तो आठवत नाही, असं त्याने सांगितलं. दोन्ही हुकमांतलं साम्य मराठी वाचकाला दिसायचं असेल, तर शब्द एकच हवा.