शब्दचर्चा : ‘सहदा’ म्हणजे हुतात्मा, शहीद की रक्तसाक्षी?

बोरूबहाद्दर : मार बन्यामीन शिमोन (१८८७–१९१८) यांच्या चरित्रलेखाचा अनुवाद करतो आहे. पूर्वेकडील असिरियन चर्चचे हे पॅट्रिआर्क, म्हणजे सर्वोच्च धर्मगुरू, आजच्या तुर्कस्तानातील हक्कारीच्या डोंगरातल्या कुदशानिसचे. १९०३ मध्ये, जेमतेम सोळाव्या वर्षी गादीवर आले. ऑटोमन राज्यातल्या १९१५ च्या कत्तलीत उरलेल्या लोकांना घेऊन इराणात सलमास-उर्मियाकडे उतरले. मार्च १९१८ मध्ये कुर्द टोळीप्रमुख सिम्को शिकाकने बोलणी करायला बोलावून त्यांचा वध केला. चर्च त्यांना आपल्या सुरियानी, म्हणजे अरामी भाषेत ‘सहदा’ म्हणते. मी ‘हुतात्मा’ लिहिले होते, ते खोडून ‘शहीद’ झाले आहे. काय ठेवावे?

तत्सम : हुतात्मा. ‘शहीद’ला पर्याय म्हणून सावरकरांनी दिलेला शब्द आहे आणि मराठीत पक्का रुजला आहे. मुंबईच्या चौकाचे नाव कोणाला परके वाटते का? हाताशी स्वतःचा शब्द असताना उसना कशाला?

फारसीनवीस : रुजला आहे, मान्य. पण अर्थ बघा. हुतात्मा म्हणजे ज्याने स्वतःची आहुती दिली तो. ‘सहदा’चा अर्थ साक्षीदार. धातू स-ह-द, अरबीत तोच श-ह-द, म्हणजे ‘शहीद’ हा सहदाचा सख्खा भाऊ. ग्रीक ‘मार्तिस’चा मूळ अर्थही साक्षीदारच. बायबलात उत्पत्ती ३१:४७ मध्ये लाबान दगडांच्या राशीला ‘यगर सहदूथा’ म्हणतो, म्हणजे साक्षीची रास. ते शब्द अरामीच आहेत.

पापडीकर : मग मराठी ख्रिस्ती लोकांचा शब्द का नको? रक्तसाक्षी. वसईचे संत गोन्सालो गार्सिया १५९७ मध्ये नागासाकीला क्रुसावर मारले गेले, त्यांना आम्ही रक्तसाक्षीच म्हणतो. मल्याळममध्येही हाच शब्द आहे, आणि तिथल्या सुरियानी चर्चांत शिवाय मूळ शब्दही जिवंत आहे : संत जॉर्ज म्हणजे ‘गीवर्गीस सहदा’.

तत्सम : रक्तसाक्षी चर्चबाहेरच्या किती वाचकांना कळेल? अनुवाद सगळ्यांसाठी असतो.

पापडीकर : कळत नाही म्हणून छापायचा नाही, आणि छापत नाही म्हणून कळत नाही. ‘हुतात्मा’ तरी पहिल्या दिवशी कोणाला कळला होता?

ओसरी : त्याआधी ‘वध’ काढा. वध कंसाचा, अफजलखानाचा. त्या शब्दात ‘मारला ते योग्यच झाले’ हे गृहीत असते. बोलावून घेऊन निरोप देताना गोळ्या घातल्या, त्याला हत्या म्हणा, नाहीतर सरळ दगा म्हणा. तारीखही तपासा. कुठे ३ मार्च तर कुठे १६ मार्च सापडेल. फरक तेरा दिवसांचा, जुन्या ज्युलियन आणि नव्या ग्रेगरीय पंचांगाचा. एक धरा आणि लेखभर तीच ठेवा.

फारसीनवीस : आणखी एक. ‘शिमोन’ आडनाव नाही. ते गादीचे नाव, त्या घराण्यातला प्रत्येक पॅट्रिआर्क मार शिमोन. व्यक्तीचे नाव बन्यामीन. पुढच्या परिच्छेदात नुसते ‘शिमोन म्हणाले’ लिहिलेत तर आधीचे काका रूविल आणि नंतरचे भाऊ पौलोस यांच्याशी घोळ होईल. क्रमांकही कुठे एकोणिसावा, कुठे एकविसावा, कारण मोजायला सुरुवात कुठून करायची यावर एकमत नाही. क्रमांक गाळलात तर बरे.

गावशीव : ‘मार’ म्हणजे लढवय्या ना? मारणारा? लोकांसाठी शस्त्र उचलले म्हणून?

फारसीनवीस : नाही. मार म्हणजे ‘माझे स्वामी’, प्रत्येक बिशपाला आणि संताला लागतो. संत स्त्रीला ‘मार्त’. करिंथकरांस पहिल्या पत्राच्या शेवटी ‘मारानाथा’ येते, त्यातला ‘मारान’ म्हणजे आमचे प्रभू. हक्कारी-उर्मियाकडच्या पूर्वेच्या उच्चारात ‘आ’ : मार, सहदा. पश्चिमेच्या उच्चारात, तूर अब्दीनच्या प्रदेशात, ‘ओ’ : मोर, सोहदो. एकाच लेखात दोन्ही मिसळू नका.

गावशीव : आणि गादीच्या वारसाला ‘नातर कुर्सिया’ म्हणत असे वाचले. काकाकडून पुतण्याकडे गादी जाई. म्हणजे आपला नातूच की!

ओसरी : ‘नातर’चा नात्याशी संबंध नाही. अरामी न-त-र म्हणजे राखणे. त्याचे अरबी भावंड न-ज़-र, त्यावरून नाज़िर, आणि आपल्या कोर्टातला नाझर. ‘कुर्सिया’ मात्र खरोखर आपल्या घरातला आहे : अरामीतून अरबी कुर्सी, तिथून फारसीमार्गे खुर्ची. नातर कुर्सिया म्हणजे खुर्ची राखणारा. त्याला मांस वर्ज्य असे. म्हणूनच भाऊ होर्मिज़्दचा प्रसंग त्रोटक करू नका. तो ऑटोमनांच्या ताब्यात होता, शरण या नाहीतर तो जाईल असा निरोप आला, आणि मार बन्यामीन यांनी सगळ्या लोकांना धरून राहायचे ठरवले. होर्मिज़्दला मारले गेले. खुर्ची राखणे म्हणजे काय, ते तिथे दिसते.

तत्सम : तर मग ‘सिंहासनरक्षक’ लिहा.

ओसरी : सिंहासन राजाचे. हे डोंगरातल्या गावात राहणारे धर्मगुरू. तियारी, त्खुमा, जीलू, बाझ या जमातींचे मलिक त्यांचा शब्द मानत, पण ते राजे नव्हते. ‘खुर्चीचा राखणदार’ का नको?

तत्सम : ‘खुर्ची’ म्हटले की मराठी वाचकाला आमदार आठवतो. ‘पीठ’ चालेल, धर्मपीठ.

पापडीकर : पीठ चालेल, त्यात ‘बिशपपीठ’ही बसते. शिवाय आपल्याकडचा धागा तुटू देऊ नका. १९०७ मध्ये याच मार बन्यामीन यांनी मार अबीमलेक तिमोथियस यांना अभिषेक करून त्रिशूरला पाठवले. सहाव्या शतकातल्या कॉस्मास या प्रवाशाने ‘कल्लियाना’त पर्शियाहून नेमलेला बिशप असल्याचे लिहिले आहे, आणि ते आपले कल्याण असावे असे अनेक अभ्यासक मानतात.

गावशीव : ‘मलिक’ तसाच ठेवणार की ‘सरदार’ करणार? मलिक अंबरमुळे ओळखीचा आहे.

फारसीनवीस : तसाच ठेवा. ‘सरदार’ म्हटले की कोणीतरी वरून नेमलेला वाटतो. हे त्या-त्या जमातीतलेच पुढारी.

बोरूबहाद्दर : वध काढला, तारीख ३ मार्च ठेवून पंचांगाची टीप दिली, मलिक तसाच ठेवला. ‘सहदा’चे अजून ठरलेले नाही.

तत्सम : हुतात्मा.

पापडीकर : रक्तसाक्षी. पहिल्या उल्लेखाला ‘सहदा, म्हणजे रक्तसाक्षी’ एवढे लिहा, पुढे नुसते सहदा.

ओसरी : आणि ‘धर्मपीठ’चे काय ठरले?