पॅटर्नोंचे १११ विजय परत द्यायला हवे होते का?

बाकावरचा
जो पॅटर्नो १९६६ ते २०११ अमेरिकेतल्या पेन स्टेट विद्यापीठाच्या (अमेरिकन) फुटबॉल संघाचे मुख्य प्रशिक्षक होते. ४०९ विजय, १९८२ आणि १९८६ची राष्ट्रीय विजेतेपदं, वर पोरांनी अभ्यासही केलाच पाहिजे हा आग्रह. नोव्हेंबर २०११मध्ये त्यांचा जुना सहायक जेरी सँडस्की मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांच्या आरोपांखाली पकडला गेला आणि चार दिवसांत पॅटर्नोंना फोनवरून काढलं. २०१२मध्ये एनसीएए या नियामक संस्थेने १९९८पासूनचे त्यांचे १११ विजय पुसले, २०१५मध्ये परत दिले. मला विचाराल तर पुसायलाच नको होते. मैदानात घाम गाळला खेळाडूंनी, त्यांचा काय संबंध?

शिरीष_पुणे
संबंध कसा नाही? याच विजयांच्या दबदब्यामुळे सगळे गप्प बसले. २००१मध्ये संघाचा शिकाऊ सहायक माइक मॅक्विअरीने शॉवरमध्ये सँडस्कीचा एका मुलाबरोबर पाहिलेला प्रकार पॅटर्नोंना घरी जाऊन सांगितला होता. पुढे दहा वर्षं सँडस्की मोकाट.

खडूस आजोबा
अहो, पण त्यांनी ते क्रीडा संचालक टिम कर्लीच्या कानावर घातलं की. वरिष्ठांना कळवणं हाच नियम होता. २०१७मध्ये शिक्षा झाली ती कर्ली, विद्यापीठाचे उपाध्यक्ष शुल्ट्झ आणि अध्यक्ष स्पॅनियर यांना. पॅटर्नोंवर खटलाही झाला नाही.

शिरीष_पुणे
वरिष्ठ? २००४मध्ये हेच स्पॅनियर आणि कर्ली निवृत्तीचं सुचवायला त्यांच्या घरी गेले होते. म्हाताऱ्याने दोघांना वाटेला लावलं! नोकरीवर गदा आली तेव्हा मालक, आणि पोरांचा प्रश्न आला की साधा नोकर? "मी आणखी काही करायला हवं होतं" हे त्यांनी स्वतःच शेवटी मान्य केलं.

मीनल
पेन स्टेटच्या गावात काही वर्षं काढली आहेत. शनिवारी सामन्याला लाखावर माणूस. पॅटर्नोंविरुद्ध बोललात तर चहाला कुणी बोलावणार नाही. त्यांच्या देणगीतून वाढलेलं ग्रंथालय मीही वापरलंय, माणूस अगदीच काळा नव्हता. पण विजय परत मिळाले म्हणजे ते निर्दोष ठरले, असं तिथे छातीठोक सांगतात, ते खोटं आहे. एनसीएएने विद्यापीठाला केलेला ६ कोटी डॉलरचा दंड कुठे खर्च करायचा यावरून दावा लागला होता, त्याच्या तडजोडीत ते विजय आले.

बाकावरचा
मीनल, तडजोड होती हे कबूल. पण आकडे पुसून एकाही पीडिताला काय मिळालं? दंड समजू शकतो, तो पैसा बालसंरक्षणासाठी होता. झालेला सामना झालाच नाही असं लिहिणं म्हणजे निव्वळ कागदी पराक्रम.

शिरीष_पुणे
मग फ्लोरिडा स्टेट विद्यापीठाचे प्रशिक्षक बॉबी बाऊडन यांना का नाही दिले? खेळाडूंनी परीक्षेत केलेल्या कॉपीपायी त्यांचे १२ विजय पुसले, ते पुसलेलेच राहिले. कॉपीला माफी नाही आणि इथे आहे, हे कुठलं गणित?

बाकावरचा
त्यांचेही द्या की. माझी ना नाही.