सल्ला हवा: १८८९ चं हैदराबाद, क्लोरोफॉर्म आणि एक खून

पैठणवेस:
रहस्यकथेचा आराखडा तयार आहे, पण वैद्यकीय आणि दफ्तरी तपशील जाणकारांकडून तपासून हवेत. काळ १८८९, दिवाळी नुकतीच सरलेली. निजामाच्या राजधानीत, अफजलगंजच्या सरकारी दवाखान्यात परभणीकडचा एक जहागीरदार मुतखडा काढायला दाखल होतो आणि टेबलावरच जातो. डॉक्टर म्हणतात, क्लोरोफॉर्म जास्त झालं. सोबत गेलेल्या कारकुनाला ते पटत नाही. हे त्या काळाला धरून आहे का? क्लोरोफॉर्म नेमकं कसं देत? आणि गावाकडून हैदराबाद, कोतवाली, पैसे, तारखा यांत मी कुठे चुकू शकतो?

मांजराकाठ:
काळ तुम्ही अचूक पकडलाय. १८८९ च्या ऑक्टोबर ते डिसेंबरात हैदराबादेत दुसरं क्लोरोफॉर्म कमिशन, म्हणजे क्लोरोफॉर्मने माणूस नेमका कसा मरतो याची चौकशी, चालू होतं. रेसिडेन्सी सर्जन (निजामाच्या दरबारी नेमलेल्या इंग्रज प्रतिनिधीचा, म्हणजे रेसिडेंटचा, डॉक्टर) एडवर्ड लॉरी हा एडिंबरोचा सर्जन साइम याचा विद्यार्थी. साइमची शिकवण अशी, की क्लोरोफॉर्म देताना फक्त श्वासाकडे बघा, नाडीकडे बघूच नका. लंडनवाले उलट म्हणत, धोका हृदयाला आहे. लॉरीने १८८८ मध्ये पहिलं कमिशन केलं, ते लंडनच्या 'लॅन्सेट' या वैद्यकीय साप्ताहिकाने मानलं नाही. तेव्हा सहावे निजाम महबूब अली खान यांनी १००० पौंड दिले आणि 'लॅन्सेट'तर्फे लंडनचा डॉक्टर लॉडर ब्रंटन हैदराबादला आला. कुत्री, माकडं, घोडे, शेळ्या, मांजरं, ससे असे चारशेहून जास्त प्राणी वापरले. निष्कर्ष लॉरीच्या बाजूने लागला: श्वास आधी थांबतो, हृदय नंतर.

म्हणून "क्लोरोफॉर्म जास्त झालं" हे वाक्य तुमच्या डॉक्टरच्या तोंडी सहजासहजी घालू नका. लॉरीच्या शिकवणीतला डॉक्टर म्हणेल, "देणाऱ्याचं श्वासावर लक्ष नव्हतं." म्हणजे ठपका औषधावर येत नाही, नाकाशी क्लोरोफॉर्मची टोपी धरणाऱ्यावर येतो. तुमचा निरपराध आरोपी इथे आयता मिळतो.

देण्याची रीत अशी: रोगी उताणा, मानेला, छातीला, पोटाला कुठेही आवळणारं कापड नाही. शंकूच्या आकाराची उघडी टोपी, तिच्या टोकाला आत थोडा कापूस, त्यावर क्लोरोफॉर्म. ती नाकातोंडावर धरायची, पण हवा खेळती ठेवायची. रोगी धडपडला तर त्याला धरताना छाती-पोटावर भार द्यायचा नाही. त्याने श्वास रोखला तर टोपी बाजूला घ्यायची, कारण रोखलेल्या श्वासानंतर तो खोल हुंदका घेतो आणि एकदम फार वाफ आत जाते. डोळ्याच्या बुबुळाला बोट लावून पापणी हलत नाही असं दिसलं की पुरे, मग आणखी द्यायचं नाही.

आता मुख्य बदल सुचवतो. मुतखडा काढून टाका. क्लोरोफॉर्मचे अचानक मृत्यू बऱ्याचदा किरकोळ कामात होत: दात, गळू, नख. १८४८ मध्ये नोंदलेला पहिला बळी, न्यूकॅसलजवळची पंधरा वर्षांची हॅना ग्रीनर, पायाचं नख काढताना गेली. मोठ्या शस्त्रक्रियेत गुंगी खोल असते. छोट्या कामात "थोडंसंच देऊ" म्हणतात, रोगी अर्धवट जागा, घाबरलेला, आणि तेवढ्यात चिमटा लागतो. तिथे हृदय दगा देतं. जहागीरदाराच्या अंगठ्याचं नख मांसात रुतलंय, एवढंच ठेवा. इतक्या क्षुल्लक कामात माणूस गेला, हा धक्का वाचकालाही बसेल.

कळदार:
वैद्यकाचं मांजराकाठ सांगतीलच, मी दफ्तराचं सांगतो.

परभणीला १८८९ मध्ये रेल्वे नाही. मनमाड-सिकंदराबाद मीटरगेज १८९९ ते १९०१ या काळात टप्प्याटप्प्याने उघडली. वाडी-सिकंदराबाद मार्ग मात्र १८७४ पासून होता. म्हणजे दोन पर्याय: नांदेडवरून दमणीने (बैलगाडीने) थेट, दिवसाला आठ-दहा कोस, बारा-चौदा दिवस. नाहीतर दमणीने सोलापूर गाठायचं, तिथून आगगाडी आणि वाडीला बदल. पाय ठणकत असलेला श्रीमंत माणूस दुसरा रस्ता धरेल. त्यात एक फायदा आहे: सोलापूर इंग्रजी मुलखात, म्हणजे वाटेत शिक्का (नाणं) बदलावा लागतो. सराफाकडचा व्यवहार साक्षीदार म्हणून वापरता येईल.

पैशाचं जपून लिहा. संस्थानात हाली शिक्का, इंग्रजी रुपया तो कळदार. शंभर कळदारांना किती हाली, हा भाव तेव्हा वरखाली होत असे. पुढे तो ११६ च्या आसपास स्थिरावला. खिशातून चारमिनारचं चित्र असलेला रुपया काढू नका, ते नाणं विसाव्या शतकातलं.

सरकारी तारीख फसली सनाची, म्हणजे संस्थानच्या महसुली कालगणनेची. नवं वर्ष ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात, महिने आजूर, दै, बहमन असे. ऑक्टोबर ते डिसेंबर असेल तर फसलीत ५९० मिळवा, जानेवारीनंतर ५९१. तुमचं प्रकरण फसली १२९९ मधलं.

दफ्तराची भाषा १८८४ च्या सुमारास फारसीची उर्दू झाली. तुमच्या कारकुनाचं रोजचं लिखाण मोडीत, वाचता फारसी येते, उर्दू कानावरून. पंचनाम्यातला एखादा शब्द त्याला चटकन खटकेल, हे पटण्यासारखं आहे.

सगळ्यात मोठी चूक लोक हद्दीत करतात. शहर कोतवालाचं. जिल्ह्यात मोहतमीम (पोलीस प्रमुख), त्याच्या हाताखाली अमीन. पण अफजलगंजहून ईशान्येला जेमतेम मैलभर गेलं की रेसिडेन्सी बाजार (सुलतान बाजार) लागतो, आणि तिथे १९३३ पर्यंत रेसिडेंटची सत्ता होती. सिकंदराबाद छावणी आणखी वेगळी. संशयित रात्रीतून चालत सुलतान बाजारात शिरला की कोतवालाचे हात बांधले गेले. आणि लॉरी इंग्रज सरकारचा अधिकारी, त्याला चावडीवर बोलावून जबाब घेता येत नाही. तपास कारकुनालाच का करावा लागतो, याचं उत्तर यात आहे.

पैठणवेस:
नख मान्य. पण मग खुनी करतो काय? रुमालावर क्लोरोफॉर्म टाकून नाकाशी धरला, असं आधी एका प्रसंगात घेतलं होतं. वाटेत धोतरा घातला तर? शिवाय रोनाल्ड रॉसला एका प्रसंगात आणायची फार इच्छा आहे.

दुधना:
रॉस येत नाही. बेगमपेठेत डासाच्या पोटात हिवतापाचा जंतू त्याला दिसला तो दिवस २० ऑगस्ट १८९७. हुसेन खान नावाच्या रुग्णाला चावणाऱ्या प्रत्येक डासामागे तो एक आणा देत होता. १८८९ मधले डॉक्टर ताप आला तर दलदलीच्या दूषित हवेला दोष देतील आणि क्विनीन देतील. डासाचं नावही कुणाच्या तोंडी नको.

रुमालही काढा. क्लोरोफॉर्मने माणूस क्षणात कोसळत नाही. काही मिनिटं लागतात, त्यात तो झटापट करतो, आणि रुमाल हलला की वाफ उडून जाते.

धोतरा चालेल, पण तो मारण्यापेक्षा लुटण्यासाठी जास्त वापरला गेला. तोंड कोरडं, बाहुल्या विस्फारलेल्या, बडबड, हवेत बोटांनी काहीतरी वेचणं. बी मिरचीच्या बीसारखं दिसतं म्हणून जेवणात लपतं. कारकुनाला ताटात उरलेल्या बियांवरून फरक कळू द्या: मिरचीचं बी गोलसर, फिकट पिवळं, गुळगुळीत. धोतऱ्याचं मोठं, तपकिरी, मूत्रपिंडाच्या आकाराचं, खरबरीत, कडेला दुहेरी धार. आणि सोमलाकडे (आर्सेनिककडे) वळलात तर एवढं ध्यानात घ्या, की उलट्या-जुलाबामुळे तो हुबेहूब पटकीसारखा (कॉलऱ्यासारखा) दिसतो, म्हणून पटकीच्या साथीत सोमलाचा खून खपून जाई.

बाटलीबद्दल एक. क्लोरोफॉर्म उजेडात आणि हवेत बिघडून त्यात विषारी फॉस्जीन तयार होतो. म्हणून गडद रंगाची बाटली, घट्ट बूच आणि टिकण्यासाठी थोडा अल्कोहोल. तेच उघड्या दिव्याजवळ दिलं तरी ज्योतीच्या उष्णतेने वाफ बिघडून घशाला झोंबणारा वायू होतो, खोलीतले सगळे खोकू लागतात. शस्त्रक्रिया रात्री कंदिलाच्या उजेडात ठेवली तर हा खोकला घ्या. ईथर का नाही, असं कुणी विचारेल. ते ३५ अंशांच्या आतच उकळतं आणि पेटतं. हैदराबादच्या मे महिन्यात ते टोपीवर टिकणार कसं? क्लोरोफॉर्म ६१ अंशांना उकळतं आणि भडकत नाही. उष्ण मुलखात तेच का चाललं, ते यावरून कळतं.

मांजराकाठ:
खुनी काय करतो, याचं उत्तर माझ्या मते भीती. विष नकोच.

१९११ मध्ये गुडमन लेव्ही या डॉक्टरने मांजरांवर दाखवून दिलं, की क्लोरोफॉर्मची गुंगी हलकी असताना अंगात अॅड्रिनलिन (भीतीच्या वेळी शरीरात सुटणारं द्रव्य) उसळलं तर हृदयाचे खालचे कप्पे एका लयीत आकुंचन पावायचे सोडून नुसते थरथरतात आणि रक्त पुढे जात नाही. घाबरलेला माणूस हे अॅड्रिनलिन स्वतःच तयार करतो. कमिशनच्या प्राण्यांना भरपूर, सलग वाफ दिली जाई. त्यात श्वासच आधी थांबायचा, म्हणून ही गोष्ट त्यांच्या हाती लागली नाही.

आता प्रसंग बघा. जहागीरदार टेबलावर. टोपी नाकाशी आलेली, दोन-चार श्वास झालेले. उशाशी उभा असलेला घरचा माणूस कानात एकच वाक्य बोलतो: वारसाबद्दल, जप्तीबद्दल, काहीही. रोगी टोपी झटकतो, हुंदका घेतो, गेला. श्वास अजून चार-सहा वेळा हिसके देत चालतो, आणि देणारा तर फक्त श्वासच बघतोय! नाडीवर बोट असतं तर ती आधीच गेल्याचं कळलं असतं. शवचिकित्सेत काही सापडणार नाही. थरथरीने थांबलेल्या हृदयावर कसलीच खूण उरत नाही.

टोपी धरणारी विद्यार्थिनीही असू शकते. लॉरीच्या हाताखाली बायका शिकत होत्या. रूपाबाई फर्दुनजी त्यांतल्याच, क्लोरोफॉर्म देण्यात तरबेज झालेल्या. त्यांना स्वतःला कथेत आणू नका, पण तुमचं काल्पनिक पात्र अस्थानी वाटणार नाही.

कळदार:
म्हणजे खुनाचा उलगडा १९११ नंतरच होऊ शकतो. मग कथा दोन काळांत जाते. १८८९ आणि १९११. मध्ये २८ सप्टेंबर १९०८ चा मुसी नदीचा पूर. अफजलगंजचा दवाखाना त्यातच उद्ध्वस्त झाला. आवारातल्या चिंचेवर चढून दीडशेच्या आसपास माणसं वाचली, ते झाड आज उस्मानिया दवाखान्याच्या आवारात आहे. दवाखान्याची नोंदवही पुरात गेली, असं तुम्ही बिनधास्त लिहू शकता. मागे राहील फक्त कारकुनाची मोडीतली टिपणवही, परभणीच्या वाड्यात.

पैठणवेस:
वही ठरली. त्यात कारकुनाने उशाशी कोण कुठे उभं होतं, याचा नकाशा काढलेला असेल. टेबलाच्या डोक्याकडे तेव्हा नेमकी किती माणसं असत, एवढं सांगा.

मांजराकाठ:
टोपी धरणारा डोक्याकडे, सर्जन आणि त्याचा मदतनीस पायाकडे, कारण काम अंगठ्याचं. हातपाय धरायला एक-दोन नोकर. कानाजवळची जागा मोकळीच राहते. नातेवाइकाला तिथे उभं राहू देतात, रोग्याला धीर यावा म्हणून.