एकाच दारात पोलीस किती वेळा जाणार?

आडवाट

इंग्लंडातल्या एका बसमार्गाची जुनी बातमी आहे. थांब्यावर तीस-तीस माणसांची रांग, आणि ड्रायव्हर हसून हात हलवत बस तशीच पुढे नेतोय. तक्रारी झाल्या तेव्हा खुलासा आला: माणसं घ्यायला थांबत बसलो तर वेळापत्रक कसं पाळणार? १९७९ साली विस्कॉन्सिन विद्यापीठातले कायद्याचे प्राध्यापक हर्मन गोल्डस्टीन यांनी पोलीस सुधारणेवरचा आपला लेख याच बातमीने सुरू केला. गाडी किती मिनिटांत पोहोचली, किती अटका झाल्या, गस्तीला किती माणसं होती, हे झालं वेळापत्रक. प्रवासी आपले थांब्यावरच.

त्यांचं म्हणणं असं की पोलीस 'घटना' मोजतात, त्यांनी 'समस्या' हातात घ्यावी: तेच ते पुन्हा का घडतं हे शोधून कारणच काढून टाकावं. या पद्धतीला समस्याकेंद्री पोलिसिंग म्हणतात. एका इमारतीत वर्षभरात चाळीस चोऱ्या झाल्या तर चाळीस फिर्यादी होतात, चाळीस पंचनामे होतात, पण 'याच इमारतीत का?' हा प्रश्न कुणाच्याच टेबलावर येत नाही. घटना सुटी, नोंद सुटी, तपास सुटा.

नुसती गस्त वाढवून काय होतं तेही तपासून झालंय. १९७२-७३मध्ये अमेरिकेतल्या कॅन्सस सिटीत १५ बीटांवर, म्हणजे गस्तीच्या भागांवर, प्रयोग केला. काही बीटांवर नेहमीची गस्त, काहींवर दुप्पट-तिप्पट, आणि काहींवर गस्तच बंद, फोन आला तरच गाडी जायची. गुन्ह्यांत म्हणावा असा फरक पडला नाही. लोकांच्या मनातल्या भीतीतही नाही. पुढे मिनिआपोलिसमध्ये वर्षभरात पोलिसांना आलेले कॉल पत्त्यानुसार मांडले, तर जेमतेम ३.३ टक्के पत्त्यांवरून निम्मे कॉल आलेले. म्हणजे पोलीस त्याच त्या दारांत जाऊन येतात, आणि परत जातात.

माझं मत: ज्या ठाण्याला एकाच पत्त्यावर वारंवार जावं लागतं, त्या ठाण्याचं काम झालेलं नाही, मग अटका कितीही असोत. झोडा आता.

रोखठोक

झोडतोच. चोर पकडणं हे पोलिसांचं काम. दिवे लागलेत का, कड्या नीट बसतात का, हे बघायला वर्दी कशाला लागते? आणि इथली वाट बंद केली की चोर पुढच्या गल्लीत जाणार, हे समजायला प्राध्यापक व्हायची गरज नाही. पोटात भूक असेल किंवा अंगात खोड असेल, माणूस कडी बघून सुधारत नाही.

चिकित्सक

रोखठोक, पुढच्या गल्लीचा मुद्दा ऐकायला बिनतोड वाटतो, आकड्यांत टिकत नाही. गुन्ह्याची संधीच बंद करणाऱ्या उपायांच्या १०२ मूल्यमापनांचा २००९मध्ये एकत्र आढावा घेतला गेला. गुन्हा बाजूला सरकल्याचं साधारण चौथा हिस्सा नोंदींत दिसलं. आणि तितक्याच, किंबहुना किंचित जास्त नोंदींत उलटं दिसलं: शेजारच्या भागातही गुन्हे घटले.

माझं आवडतं उदाहरण पश्चिम जर्मनीतलं आहे. १९८०मध्ये तिथे हेल्मेट न घालणाऱ्या मोटारसायकलस्वाराला जागेवर दंड सुरू झाला. उद्देश डोकी वाचवण्याचा. पण त्या वर्षी १,५३,१५३ मोटारसायकली चोरीला गेल्या होत्या, त्या १९८६मध्ये ५४,२०८वर आल्या. कारण चोर काही हेल्मेट घेऊन फिरत नाही, आणि बिनहेल्मेटचा स्वार लगेच नजरेत भरतो. मग कमी झालेल्या लाखभर चोऱ्या मोटारींकडे वळल्या का? मोटारींच्या चोऱ्या काही हजारांनी वाढल्या, सायकलींच्या तर कमी झाल्या. बरेचसे चोर सरळ चालतच घरी गेले असावेत.

खोड वगैरे ठीक आहे हो, पण खोडीलाही संधी लागते.

रोखठोक

हेल्मेटचा कायदा पोलिसांनी केला होता का? नाही. मग त्याचं श्रेय 'पोलिसिंग'ला कसं देता? उलट माझाच मुद्दा सिद्ध होतो. ही कामं दुसऱ्या कुणाची तरी आहेत.

आडवाट

हा मात्र रास्त टोला आहे. श्रेय मागे घेतो, मुद्दा ठेवतो. काम दुसऱ्याचं असेल, पण ते कुणाचं आहे हे कळायला नोंदी ज्याच्याकडे जमतात त्यानेच आधी तोंड उघडायला हवं, आणि नोंदी असतात पोलिसांकडे. इंग्लंडात रॉचडेलजवळच्या किर्कहोल्ट वस्तीचं बघा. १९८०च्या दशकात तिथे घरफोड्यांचा सुळसुळाट होता. चौकशी केली तर घराघरांत नाणी टाकून चालणारे गॅसचे आणि विजेचे मीटर. म्हणजे प्रत्येक घरात रोकड भरलेली पेटी, आणि तिचा पत्ता सगळ्यांना ठाऊक. शिवाय एकदा फुटलेलं घर पुन्हा फुटण्याची शक्यता इतर घरांपेक्षा कितीतरी जास्त. मग ज्यांच्याकडे नुकती चोरी झाली होती त्यांच्यापासून मीटर बदलायला घेतले, आजूबाजूच्या घरांना लक्ष ठेवायला सांगितलं. घरफोड्या झपाट्याने उतरल्या. मीटर पोलिसांनी बदलले नाहीत. पण चोरीचं मूळ मीटरमध्ये आहे हे फिर्यादी एकत्र ठेवून वाचल्याशिवाय दिसलं नसतं.

निशिगंध

तुम्ही दोघे कुलपांवर भांडताय. मला भीती वेगळीच आहे. 'समस्या' कोण ठरवणार? मीटर ही समस्या असेल तर उत्तम. पण उद्या कुणी म्हणेल की कोपऱ्यावर उभी राहणारी पोरं हीच समस्या. न्यूयॉर्कमध्ये २०११ या एका वर्षात पोलिसांनी ६ लाख ८० हजारांहून जास्त वेळा लोकांना रस्त्यात अडवलं. त्यात कृष्णवर्णीय आणि लॅटिनो तरुणांचा भरणा, आणि दहातल्या जवळजवळ नऊ वेळा ना अटक, ना समन्स. २०१३मध्ये न्यायालयाने ही पद्धत घटनाबाह्य ठरवली. तिथेही 'गुन्हा होण्याआधीच रोखतोय' असंच सांगितलं जायचं. प्रतिबंध या शब्दाला गोड चव आहे, म्हणून जपून.

आडवाट

निशिगंधताई, न्यूयॉर्कचं उदाहरण बरोबर, पण ते या पद्धतीच्या खात्यावर टाकू नका. तिथे 'का?' हा प्रश्न विचारलाच गेला नव्हता, फक्त 'किती?' विचारला जात होता. वेळापत्रकच ते, फक्त अटकांऐवजी झडत्यांचं. मॅसॅच्युसेट्समधल्या लोवेल शहरात अँथनी ब्रागा आणि ब्रेंडा बाँड यांनी ३४ ठिकाणांवर याच पद्धतीचा प्रयोग केला, तो २००८मध्ये प्रसिद्ध झाला. कॉल कमी झाले, आणि त्यात सर्वांत मोठा वाटा जागेतल्या बदलांचा निघाला. किरकोळ गुन्ह्यांसाठीच्या धरपकडीचा वाटा त्याहून कमी होता.

निशिगंध

ठीक, मग तुमच्याच घरातलं उदाहरण घेते. अमेरिकेतल्या व्हर्जिनियामधलं न्यूपोर्ट न्यूज शहर. संशोधक जॉन एक (Eck) आणि विल्यम स्पेलमन यांचा १९८७चा अहवाल, जिथून ही चार पायऱ्यांची पद्धत जगभर गेली: समस्या हेरा, विश्लेषण करा, उपाय करा, परिणाम तपासा. तिथल्या न्यू ब्रायरफील्ड नावाच्या वसाहतीत घरफोड्या ३५ टक्क्यांनी घटल्या म्हणून कौतुक होतं. पोलिसांनी रहिवाशांना विचारलं तेव्हा कळलं की इमारतीच मोडकळीला आल्यात, दारं-खिडक्या हाताने उघडतात, रिकामी घरं पडून आहेत. चांगलं निदान. आणि पुढचा तोडगा काय ठरला? वसाहत पाडायची आणि लोकांना दुसरीकडे हलवायचं. चोरी थांबली, पण ज्यांच्या घरी चोरी होत होती त्यांचं घरच गेलं. ते कुठे गेले, तिथे त्यांचं कसं चाललं, याची टक्केवारी मला कुठल्या कौतुकात दिसलेली नाही.

आडवाट

याला माझ्याकडे चांगलं उत्तर नाही. पडक्या घरात राहू द्यावं असंही म्हणवत नाही.

रोखठोक

आता मी बॉस्टन काढतो, कारण या पद्धतीचे भक्त ते सोयीने अर्धंच सांगतात. १९९६ची 'ऑपरेशन सीझफायर' मोहीम. अभ्यासातून कळलं की तरुणांचे खून मोजक्या टोळ्यांतल्या वैरातून होतायत. मग काय केलं? टोळीवाल्यांना समोर बसवून सांगितलं: पुढचा खून ज्या टोळीकडून होईल, त्या अख्ख्या टोळीवर सगळ्या यंत्रणा मिळून तुटून पडतील. आणि खरंच तुटून पडले. तरुणांचे खून महिन्याच्या सरासरीत ६३ टक्क्यांनी घटले. यात कडी-कुलूप कुठे आहे? धाक आहे. म्हणजे शेवटी पकडणंच.

चिकित्सक

धाक होता, मान्य. पण कुणावर, कशासाठी आणि किती, हे अभ्यासाने ठरवलेला. सोबत 'बाहेर पडायचं असेल तर मदत करू' असं सांगणारे समाजसेवक आणि धर्मगुरूही त्याच बैठकीत होते. तेही अर्धं सांगायचं राहिलं तुमचं.

पण बॉस्टनची खरी गोष्ट त्यानंतरची आहे. २०००च्या सुमारास मोहीम बंद पडली. चालवणारी माणसं पांगली. खून पुन्हा वाढले, २००७मध्ये तीच मोहीम परत आणावी लागली. माझा आक्षेप इथे आहे. ही पद्धत चालते यात मला शंका नाही. २०२०च्या मोठ्या आढाव्यात ३४ अभ्यास धरून गुन्हे आणि उपद्रव सरासरी तिसऱ्या हिश्शाने घटल्याचं दिसतं. पण ती माणसांवर चालते, यंत्रणेवर नाही. एखादा चौकस अधिकारी असेपर्यंत सगळं छान. तो गेला की पुन्हा फिर्याद, पंचनामा, फाईल.

आणि चार पायऱ्यांतली दुसरी पायरी बहुतेक ठिकाणी उडीच मारून ओलांडतात. समस्या दिसली की थेट उपाय, आणि उपाय ठरलेला: बंदोबस्त वाढवा.

माजी_खाकी

इतका वेळ वाचत होतो. बत्तीस वर्षं नोकरी केली, आता निवृत्त. चिकित्सक म्हणतात ते आतून सांगतो. दुसरी पायरी आम्ही आळसाने ओलांडत नाही. न झालेल्या चोरीचा मुद्देमाल जप्त करता येत नाही, मग वरिष्ठांपुढे ठेवायचं काय? महिन्याच्या बैठकीत विचारतात, उकल किती? 'सर, या महिन्यात तिथे काही घडलंच नाही' असं म्हटलं की पुढचा प्रश्न येतो: नोंदी दाबताय का?

माझ्या हद्दीत एक मालधक्का होता. रात्री माल जायचा. मागच्या भिंतीला खिंडार, माणूस पोत्यासकट आरामात निघेल एवढं. भिंत ज्या कार्यालयाची, त्यांना मी तीन पत्रं लिहिली. पहिल्याची पोच मिळाली. दुसऱ्यावर उत्तर आलं की सुरक्षा हा पोलिसांचा विषय आहे. तिसरं पाठवलं आणि माझी बदली झाली (पत्रामुळे नव्हे, वेळ झाली होती). पुढे कधीतरी तिकडून गेलो तर खिंडार तसंच, फक्त येजा करून कडा गुळगुळीत झालेल्या.

तेव्हा आडवाट, 'तोंड उघडायला हवं' हे लिहिणं सोपं आहे. उघडलं होतं.

रोखठोक

साहेब, तुमच्या शब्दाला मान आहे. पण खरं सांगा, त्या काळात तिथे चोर किती पकडलेत?

माजी_खाकी

अकरा. त्यातले चार दोनदा.