‘डास बोट’: योस्ट वाकानोने नुसता कॅमेरा धरला होता का?

रीळ४००
काल इथे एकाने लिहिलं, “‘डास बोट’ पीटरसनचा. वाकानोने कॅमेरा धरून पळापळ केली आणि पुढे ‘रोबोकॉप’ वगैरे करत बसला.” राहवलं नाही म्हणून उत्तर देतोय. पीटरसन दिग्दर्शक, वाकानो छायालेखक. १९८१ च्या त्या जर्मन पाणबुडीपटाआधी स्टेडिकॅम, म्हणजे अंगावर बांधून कॅमेरा स्थिर ठेवणारी यंत्रणा, आला होता, पण तो पसारा घेऊन पाणबुडीच्या गोल दारांतून धावणार कसं? वाकानोने छोट्या अ‍ॅरिफ्लेक्स कॅमेऱ्याला दोन जायरोस्कोप, म्हणजे वेगाने फिरत राहणाऱ्या चकत्या, जोडले. जायरो कॅमेऱ्याचं कलणं रोखतो, पावलागणिक बसणारा वरखाली हिसका नाही. तो गुडघ्यांनीच पचवावा लागतो. डोक्यावर हेल्मेट, अंगाला गाद्या बांधून धावला तो माणूस!

ध्वनिवेडा
ते वाक्य माझंच. जायरोच्या घरघरीत सेटवरचे संवाद बुडाले, सगळं नंतर डब करावं लागलं. नटाचा त्या क्षणाचा श्वास कायमचा गेला, त्याचं काय? आणि बवेरिया स्टुडिओत ४५ अंशांपर्यंत कलणाऱ्या सांगाड्यावर पाणबुडी चढवली, तीही वाकानोनेच का?

रीळ४००
आवाजाचं मान्य, तेवढंच. पण सांगाडा कितीही हलवा, कॅमेरा तिकाटण्यावर ठेवला असता तर धावपळ लांबून बघितल्यासारखी वाटली असती.

कलम३२अ
श्रेयाचं सोडा, पैशाचं बोला. वाकानोचं मानधन सुमारे २ लाख मार्क (तेव्हाचं जर्मन चलन), आणि सिनेमा जगभर चालला. २००२ मध्ये जर्मन कॉपीराइट कायदा बदलला: मोबदला आणि कमाई यांत उघड तफावत असेल तर वाढीव वाटा मागता येतो. मेख अशी की कमाईचे आकडे निर्मात्याकडे. म्हणजे आधी हिशेब उघड करायला लावायचा, त्यात वर्षं घालवायची, मग रकमेसाठी पुन्हा कोर्ट. शिवाय वाटा २८ मार्च २००२ नंतरच्या वापरावरच. आधीची वीस वर्षं गेली! १९३४ साली जन्मलेल्या माणसाने किती थांबायचं?

ध्वनिवेडा
धागा छायालेखनाचा आहे. करारावर सही त्यानेच केली ना?

कलम३२अ
केली. पण सही करताना सिनेमा किती चालेल हे माहीत होतं की नव्हतं, याने त्या कायद्यात फरकच पडत नाही. कलम ३२अ वाचा, मग बोला.

रीळ४००
आणि ‘रोबोकॉप’वरून हिणवू नका. वाकानोचेच ‘कातरीना ब्लूम’ (१९७५), ‘नेव्हरएंडिंग स्टोरी’ (१९८४), ‘टोटल रिकॉल’ (१९९०) ओळीने बघा. एकाचा प्रकाश दुसऱ्यात आणून ठेवलेला सापडला तर दाखवा.

ध्वनिवेडा
बरं, “पळापळ” हा शब्द मागे घेतो. ऑस्करचं छायालेखनाचं नामांकनही त्याचं हक्काचंच. डबिंगबद्दल मात्र एक अक्षरही मागे घेणार नाही.