पायाच्या छिद्रांतून पांढरे दाणे येताहेत: बुरशी की नोकार्डिया (बुरशीसारखे तंतू करणारा जिवाणू)?

निपाणीलॅब: ऊसतोडीचं काम करणारा पेशंट, चिक्कोडी तालुक्यातला. उजव्या तळव्याला जुनी घट्ट सूज, तीन छिद्रं आणि पुवात रव्याएवढे पांढरट-पिवळे मऊ दाणे, म्हणजे मायसेटोमा (छिद्रांतून दाणे पाडणारा जुनाट संसर्ग) वाटतो. नेहमीचा झेडएन (टीबीचे जंतू शोधायचा झील-नील्सन रंग) निगेटिव्ह. ग्रॅम रंगात बारीक निळे तंतू दिसतात, पण ब्लड आगर (जंतू वाढवायची रक्त घातलेली प्लेट) ४८ तासांनीही कोरा आहे. सर्जन विचारताहेत, इट्राकोनॅझोल (बुरशीवरचं औषध) सुरू करू का? आमच्याकडे मॅल्डी (जंतूची प्रजाती ओळखणारं यंत्र) नाही. पुढं काय करू?

सूक्ष्मदर्शी: इट्राकोनॅझोल थांबवायला सांगा. नुसत्या रंगावर जाऊ नका. काळा दाणा असेल तर बुरशी आणि लाल असेल तर ॲक्टिनोमाड्युरा पेलेटिएरी हा जिवाणू, एवढं साधारण धरता येतं. पांढरा-पिवळा मात्र दोन्हीकडचा असू शकतो. निर्णय तंतूच्या जाडीवर होतो. १० टक्के केओएचमध्ये (पोटॅशियम हायड्रॉक्साइड) दाणा चिरडून बघा. तंतू २ ते ५ मायक्रॉन जाड असतील तर बुरशी. एक मायक्रॉनपेक्षा बारीक, फांद्या फुटलेले आणि ग्रॅम पॉझिटिव्ह असतील तर तो जिवाणूच. तुमचं वर्णन दुसऱ्या गटात बसतंय.

झेडएन निगेटिव्ह आला यात नवल नाही. टीबीसाठीचं २० टक्के सल्फ्युरिक ॲसिड नोकार्डियाचा रंग धुऊन काढतं. त्याच बाटलीतलं ५ मिलि ॲसिड ९५ मिलि पाण्यात हळूहळू सोडा (पाणी ॲसिडवर ओतायचं नाही, हे नवीन पोरांना रोज सांगावं लागतं), की १ टक्क्याचं झालं. त्यानं रंग उतरवून मिथिलिन ब्लू द्या. काही तंतू लाल, काही निळे असं अर्धवट चित्र दिसलं तरी ते पॉझिटिव्ह धरा. शेजारी माहीत असलेल्या नोकार्डियाची आणि स्ट्रेप्टोमायसिसची (ॲसिडनं रंग सोडणारा जिवाणू) स्लाइड कंट्रोल म्हणून हवीच, नाहीतर निळं दिसलं ते जिवाणूमुळं की ॲसिड जास्त वेळ राहिल्यामुळं, हे कळत नाही.

कल्चरवाली: सर, सॅम्पलचं राहिलं. वरवरच्या स्वॅबवर स्टॅफच (त्वचेवरचा नेहमीचा जिवाणू) उगवतो आणि सगळी प्लेट व्यापून टाकतो. छिद्र स्वच्छ करून रात्रभर निर्जंतुक गॉज बांधून ठेवा, सकाळी त्याला चिकटलेले दाणे उचला. खोल बायोप्सी मिळाली तर उत्तमच. दाणे निर्जंतुक सलाइनमध्ये पाच-सहा वेळा धुवा, चिरडा आणि मगच लावा.

सर्वांत मोठी चूक मीडियात (जंतू वाढवायच्या माध्यमात) होते. बुरशीचा संशय म्हणून क्लोरॅम्फेनिकॉल हे अँटिबायोटिक घातलेला सॅबुरो (बुरशीसाठीचा मीडिया) तेवढा लावला, तर नोकार्डिया त्यातच मरतो. विनाअँटिबायोटिक सॅबुरो, ब्लड आगर आणि एलजे (टीबीसाठीचा लोवेनस्टाइन-जेन्सन मीडिया) असं तिन्ही लावा, ३७ अंशांवर. सॅबुरोचा एक जादा सेट २५ अंशांवर. ४८ तासांनी प्लेट फेकू नका, चार आठवडे ठेवा. प्लेटच्या कडेला टेप लावा, नाहीतर आगर वाळून तडकतं. स्क्रू कॅपचे तिरके आगर सोयीचे. कोरडी, खडूसारखी, आगरला घट्ट चिकटलेली वसाहत आली की दोन दिवसांच्या 'डिप्थेरॉइड, कंटॅमिनंट' (म्हणजे त्वचेवरून आलेली भेसळ) या शिक्क्यात ती घालवू नका.

निपाणीलॅब: धन्यवाद मॅडम. समजा उगवलं आणि स्किम मिल्क आगरवर केसिन (दुधातलं प्रथिन) विरघळलं, तर नोकार्डिया ब्राझिलिएन्सिस लिहू का?

सूक्ष्मदर्शी: एवढ्यावर नको. केसिन आणि टायरोसिन विरघळणं, झँथिन तसंच राहणं, हे ब्राझिलिएन्सिसचं चित्र आहे खरं. पण ॲक्टिनोमाड्युरा माड्युरीचंही तेच! तिथं लायसोझाइम (जिवाणूची भिंत फोडणारं एंझाइम) उपयोगी पडतं. ग्लिसरॉल ब्रॉथच्या दोन नळ्या घ्या, एकीत लायसोझाइम घाला, दुसरी साधी. दोन्हींत वाढ म्हणजे नोकार्डिया. फक्त साध्या नळीत वाढ म्हणजे ॲक्टिनोमाड्युरा किंवा स्ट्रेप्टोमायसिस. साध्या नळीतही काही नसेल तर चाचणी बाद, पुन्हा लावा. झँथिन विरघळलं आणि केसिन नाही, तर नोकार्डिया ओटिटिडिसकॅव्हिएरम आठवा. बाकी प्रजातींची नावं १६एस सिक्वेन्सिंगशिवाय (जिवाणूचं जनुक वाचून ओळख) ठामपणे लिहू नयेत असं माझं मत. तोवर 'नोकार्डिया प्रजाती' एवढंच पुरे.

कल्चरवाली: बेळगावला किंवा पुढं पाठवायचं असेल तर प्लेट नको, घट्ट झाकणाचा एलजे तिरका पाठवा. वाटेत ना वाळतो, ना सांडतो. संवेदनशीलता (कोणतं औषध लागू पडतं) डिस्कवर मागू नका, ब्रॉथ मायक्रोडायल्युशनच (द्रवात औषधाच्या वेगवेगळ्या मात्रा लावून) लागतं आणि वाचन साधारण तीन दिवसांनी. सर्जनना आजच कळवा: जिवाणूचा मायसेटोमा असेल तर को-ट्रायमॉक्साझोल हे अँटिबायोटिक मुख्य आधार, सोबत बऱ्याचदा अमिकासिन, आणि अमिकासिन देताना क्रिएटिनिन व कान दोन्ही तपासत राहावं लागतं. पायाचा एक्स-रेही मागवा. हाडात शिरलं असेल तर औषधांची मुदत वाढते.

निपाणीलॅब: १ टक्क्याची स्लाइड केली. तंतू लाल-निळे मिश्र, कंट्रोल बरोबर. उद्या गॉजवरचे दाणे लावतो.